हिरव्या रेनकोटातली बाई

सोमवार, ४ ऑगस्ट

वेण्या कापल्या! न विचारता!

संध्याकाळी खोलीतून बाहेर आले तर भिंगरी आरशासमोर मान उडवत उभी. कानापर्यंत केस. खाली वर्तमानपत्रावर दोन्ही वेण्या पडलेल्या, रिबिनींसकट. आणि धाकटी बहीण कात्री पुसत मला म्हणते, "ताई, बघ तरी, चेहरा कसा उघडला!" बघितला. उघडलाच होता. पोरगी गोड दिसत होती, त्याचाच तर राग आला.

त्या वेण्या मी घालायचे रोज. म्हणजे गेला महिनाभर धाकटीच घालत होती, पण म्हणून काय झालं? वेण्या माझ्या होत्या.

"तिनेच सांगितलं कापायला. हो ना ग भिंगे?" "हो, मी मावशीला विचारलं." मावशीला विचारलं. मी, तिची आई, भिंतीपलीकडे बसले होते, पण विचारलं मावशीला.

धाकटीला मीच बोलावलं, हे इथे लिहून ठेवते. नाहीतर उद्या मीच विसरेन आणि तिलाच आगंतुक म्हणेन. तिचं पार्लर दुरुस्तीसाठी बंद, माझी कादंबरी सप्टेंबरच्या सुरुवातीला द्यायची, भिंगरीचा बाबा जहाजावर. सगळं कसं जुळून आलं. "तू लिही ग ताई, पोरीचं मी बघते." बघते म्हणाली होती. ताब्यात घेते असं म्हणाली नव्हती.

मंगळवार, ५ ऑगस्ट

चिडचिडीत पाच पानं झाली. चांगली झाली. राग उपयोगी पडतो.

कुठवर आलंय ते एकदा सरळ लिहून बघते, म्हणजे मलाच कळेल. एक आई. शाळेसमोरच्या चौकात रिव्हर्स घेणाऱ्या ट्रकखाली तिची मुलगी जाते. आईच्या ऑफिसातल्या लिफ्टची वरची आणि खालची दोन्ही बटणं एकदम दाबून धरली की एक तास मागे जाता येतं. ती जाते, धावत चौकात पोचते, मुलीला ओढून घेते. पण त्या वाचलेल्या दिवसात दुसरंच काहीतरी होतं — मग परत लिफ्ट. आणि दरवेळी मागे गेलं की मुलगी आईची एक गोष्ट विसरते. आधी आईचं अंगाईगीत. मग तिने ठेवलेलं लाडाचं नाव. शेवटी चेहरा विसरणार. वाचवायचं की ओळखीचं राहायचं — एवढीच कादंबरी आहे. धाकटीला ती आली तेव्हाच सांगितली होती सगळी.

भिंतीवर कार्डं लावलीत. पहिल्या फेरीची पिवळी, दुसरीची गुलाबी, तिसरीची निळी. एका कार्डावर एक प्रसंग, कोपऱ्यात घड्याळातली वेळ. पाहणाऱ्याला वाटेल वेड्याच्या घरात आलो.

भिंगरी दार वाजवतेय. "पाच मिनिटं" म्हटलं.

गुरुवार, ७ ऑगस्ट

धाकटीचा हिरवा रेनकोट माझ्या खुंटीवर असतो. माझ्या! दाराशी तीन खुंट्या आहेत, दोन रिकाम्या. आणि तो टपटप गळतो, खाली तळं होतं, त्यात नेमका माझाच पाय पडतो.

आज तो रेनकोट कादंबरीत घातला. चौकात, आईच्या आधी, मुलीशेजारी एक बाई उभी असते. हिरवा रेनकोट. प्रत्येक फेरीत असते. आई कितीही धावली तरी ही आधीच पोचलेली! मुलीचा हात तिच्या हातात. गालातल्या गालात हसते. बोटं मोडायची सवय आहे तिला. डाव्या कानाच्या पाळीवर टोचल्यानंतर राहिलेली छोटी गाठ आहे.

लिहिताना इतकी मजा आली! असं सुख बऱ्याच दिवसांत नव्हतं.

रविवार, १० ऑगस्ट

दुपारी दोघी आतल्या खोलीत दार लावून काहीतरी खेळतात. आधी कुजबुज, मग टकटक, मग खी खी खी, आणि मग भिंगरी ओरडते, "पुन्हा!" परत पहिल्यापासून. कुजबुज, टकटक, खी खी, पुन्हा!

जेवताना विचारलं, "काय खेळत होता ग?"

"काही नाही," दोघी एकदम. आणि एकमेकींकडे पाहिलं.

मी भिंगरीच्या वयाची असताना माझं असं कुणाशी गुपित नव्हतं. घरात पाहुणे आले की मी चहाचा ट्रे घेऊन उभी आणि धाकटी त्यांच्या मांडीवर. ती आली की खोलीत दिवा लागल्यासारखं व्हायचं सगळ्यांना. अजून होतं. माझ्याच घरात, माझ्याच पोरीला.

बुधवार, १३ ऑगस्ट

शाळेत पालकसभा. म्हटलं मी जाते, लेखन गेलं खड्ड्यात. चांगली साडी नेसले, वेळेवर गेले. वर्गशिक्षिकेने वर पाहिलं आणि अदबीने विचारलं, "आपण कोण?"

आई, म्हटलं. आई आहे मी तिची.

"अय्या, हो का! मग रोज सोडायला येतात त्या…?"

त्या तिची मावशी. "किती छान आहेत हो त्या! वर्गातल्या बाहुलीचे केससुद्धा कापून दिले त्यांनी." अंगाचा नुसता तिळपापड झाला. बाहुलीचेसुद्धा!

वर भिंगरी घड्याळ वाचायला शिकली, असं शिक्षिकेनेच सांगितलं. "घरी दाखवलं असेलच की तिने." हो हो, दाखवलं ना, म्हटलं. कशाला दाखवतेय मला! झोपताना गोष्टसुद्धा मावशीकडेच पळत जाऊन ऐकते.

शनिवार, १६ ऑगस्ट

हे लिहायचं नव्हतं, पण लिहिते.

भिंगरी जिन्यात पडली. गुडघा फुटला. तिचं रडणं ऐकून खुर्चीतून उठले, दार उघडेपर्यंत ती वर आलीसुद्धा — आणि माझ्यासमोरून धावत पुढे गेली. "मावशी!" म्हणत. घरात शिरल्यावर माझं दार आधी लागतं. स्वयंपाकघर नंतर. ती माझ्यावरून गेली!

मी मागोमाग गेले. धाकटी ओट्यावर तिला बसवून फुंकर घालत होती. मी म्हटलं, दे, मी बांधते पट्टी. भिंगरी म्हणाली, "नको, तुझं काम अडेल."

चिडून म्हणाली असती तरी चाललं असतं. समजूतदारपणे म्हणाली. पाहुण्याशी बोलावं तसं.

रडू आलं. न्हाणीघरात जाऊन नळ सोडून रडले.

सोमवार, १८ ऑगस्ट

संपादकबाईंनी पहिली शंभर पानं वाचली. फोनवर इतक्या उत्साहात! "अहो, ती हिरव्या रेनकोटातली बाई! कमाल आहे! ती आली की पान जिवंत होतं. मुलीचा हात धरून उभी आहे एवढंच, पण वाटतं हिच्यापाशी आहे तोवर पोरीला काही होणार नाही."

आणि आई?

"आई… चांगली आहे. धावते छान. पण थोडी थंड नाही का वाटत? आणि ही हिरवी बाई आहे तरी कोण, ते शेवटी सांगायला लागेल हं. वाचक सोडायचे नाहीत तुम्हाला."

म्हणजे माझ्या घरात ती, शाळेत ती, आणि आता माझ्या पुस्तकातसुद्धा तीच! मी खलनायिका म्हणून आणली होती हो तिला!

भिंगरी दाराशी येऊन गेली मघाशी. पाच मिनिटं म्हटलं. नंतर उघडून पाहिलं तर कोणी नव्हतं.

मंगळवार, १९ ऑगस्ट

खी खी खी. पुन्हा! टकटक. खी खी.

कापसाचे बोळे घातले कानात.

गुरुवार, २१ ऑगस्ट

सगळी कार्डं! सगळीच्या सगळी!

संपादकबाईंना भेटून परत आले. दार उघडलं. भिंत पाहिली आणि पर्स तिथेच टाकली. माझ्या तीन रांगा होत्या — पिवळी, गुलाबी, निळी, प्रत्येक फेरी वेगळी. आता एकच लांबलचक रांग, खिडकीपासून कपाटापर्यंत. सगळे रंग एकमेकांत घुसलेले. अडीच महिन्यांचं काम!

"ओलीमुळे खाली पडली होती ग," धाकटी मागून म्हणाली. "सगळी जमिनीवर. भिंगरीनेच लावली बरं का, कोपऱ्यातली वेळ बघून बघून! सकाळपासून रात्रीपर्यंत. एक चूक नाही!"

भिंगरी हातात चिकटपट्टी घेऊन उभी होती. चेहरा इतका फुललेला. मी शाबास म्हणण्याची वाट बघत होती.

मी ओरडले. काय काय ओरडले ते लिहवत नाही. "माझ्या वस्तूंना हात लावायचा नाही" हे होतं. "तुम्ही दोघी" हेही होतं. भिंगरीने चिकटपट्टी टेबलावर ठेवली, हळू, आवाज होऊ नये अशी. आणि निघून गेली. कुणाकडे ते सांगायला नको.

शुक्रवार, २२ ऑगस्ट

कार्डं परत जागच्या जागी लावायला घेतली, पण लावली नाहीत. त्या एका रांगेकडे नुसती बघत बसले.

घड्याळाच्या क्रमाने लावल्यावर एक भलतंच दिसतं. तिन्ही फेऱ्यांतला दिवस एकावर एक येतो. सकाळी मुलगी दात घासते — शेजारी हिरवी बाई. बुटाची नाडी — हिरवी बाई. डबा, दप्तर, रस्ता — हिरवी, हिरवी, हिरवी. ती पाळत ठेवते असं दाखवायला मी तिला घातलं होतं तिथे. आणि आई? आई एकाच ठिकाणी. दुपारी, ट्रकपाशी. तिथे मात्र पिवळी, गुलाबी, निळी कार्डं दाटीवाटीने. तिथे आई धावतेय, किंचाळतेय, झेप घेतेय. बाकी अख्ख्या भिंतीवर आई नाही.

कथेची रचनाच तशी आहे. थरार म्हणजे ट्रक. दात घासण्यात काय थरार?

भिंगरी आली, पण उंबऱ्याच्या आत नाही. "आई, एक विचारू? तुझ्या गोष्टीतली आई फक्त ट्रकच्या वेळीच का येते? बाकी दिवसभर कुठे असते?"

"कामावर असते," मी म्हटलं.

"हं," म्हणाली. पटल्यासारखं. तेच फार लागलं.

रविवार, २४ ऑगस्ट

धाकटीशी वाजलं शेवटी. भांडी पुसता पुसता.

म्हणाली, "तुझी कार्डं जमिनीवरून उचलताना वाचली मी. ती हिरवी बाई बोटं मोडते."

"खूप जण मोडतात."

"कानाला गाठ पण खूप जणांना असते? डाव्याच?"

मी वाट्या रचायला लागले. ती ताट पुसत राहिली, पुसलेलंच परत पुसत. मग म्हणाली, "ताई, पुढच्या आठवड्यात पार्लर सुरू होतंय. मी जातेय. तुझी पोरगी तुझ्याकडेच ठेवून जातेय, पिशवीत घालून नेत नाही. एवढं काय ग पोटात दुखतं तुझ्या?"

"मला नाही दुखत पोटात."

"मग मला त्या ट्रकखाली घालू नको म्हणजे झालं," म्हणाली आणि हसली. हसली! मी असते तर ताट आपटलं असतं. म्हणूनच सगळ्यांना ती आवडते. मलासुद्धा आवडते, त्याचं काय करू!

बुधवार, २७ ऑगस्ट

घातली ट्रकखाली.

आई चौकात येते, हिरव्या बाईला ढकलते, मुलीला कवेत घेते. जोरदार उतरलं होतं. वाचलं. परत वाचलं. मुलगी आईच्या कवेतून वळून त्या रस्त्यावरच्या हिरव्या रेनकोटाकडे बघते, असं मी लिहिलं होतं. मला लिहायचं नव्हतं तसं. हातानेच लिहिलं. आणि मग मुलगी आईला विचारते, "आपण कोण?"

खोडून टाकलं.

पाच दिवस राहिले द्यायला. फार तर सहा. ती बाई कोण आहे तेच मला माहीत नाही. भिंगरीने दार वाजवलं नाही आज. कालही नाही. आधी त्रास व्हायचा त्या टकटकीचा, आता कान दाराकडेच.

शनिवार, ३० ऑगस्ट

आज पाहिलं. त्या काय खेळतात ते पाहिलं.

पाणी प्यायला उठले. आतल्या खोलीचं दार नीट लागलेलं नव्हतं. बोटभर फट. चोरासारखी उभी राहिले, माझ्याच घरात.

धाकटी भिंगरीच्या छोट्या टेबलाशी बसलेली, भिंतीकडे तोंड करून. माझा जुना चष्मा नाकावर, माझी शाल खांद्यावर. टेबलावर बोटं बडवतेय — टाइप केल्यासारखी. आणि भिंगरीच्या अंगात तो हिरवा रेनकोट! बाह्या हाताखाली लोंबतायत, खालची कड जमिनीवर लोळतेय. तिने कपाटाच्या दारावर टकटक केलं.

"आई, चल. मी तुला न्यायला आलेय."

धाकटीने मान वळवली नाही. "पाच मिनिटं," म्हणाली. माझ्या आवाजात. इतका माझा आवाज, की मीच बोलले असं मला वाटलं.

"मागच्या वेळी पण पाच मिनिटं म्हणालीस. मी परत आले. खूप लांबून आले. मी आता मोठी झालेय."

"पाच मिनिटं ग."

भिंगरीने कपाटाच्या दोन्ही मुठी एकदम दाबून धरल्या, डोळे मिटले, गरकन गिरकी घेतली. "पुन्हा!" टकटक. "आई, चल. मी तुला न्यायला आलेय."

धाकटीला हसू आवरेना. "अग ए, पण ही आई उठते कधी?"

"उठत नाही. म्हणून तर परत परत यायचं असतं."

हे ती दुःखाने म्हणाली नाही. खेळाचा नियम सांगावा तसं म्हणाली.

तेवढ्यात तिने मला पाहिलं. धाकटीने पटकन चष्मा काढला, लाजेने तिचे कान लाल झाले. भिंगरी म्हणाली, "आई, आम्ही उगाच खेळतोय. मावशी मला झोपताना तुझी गोष्ट सांगते ना, तीच आहे. मी फक्त बदलली थोडीशी."

म्हणजे झोपताना ज्या गोष्टीसाठी ती मावशीकडे पळायची, ती माझीच गोष्ट होती! आणि मी कानात कापूस घालून बसले होते.

"हा रेनकोट का ग घातलास?" मी विचारलं. दुसरं काही सुचलंच नाही.

"मोठी झाल्यावर मला तो बरोबर होणार आहे. मावशी म्हणाली, तोपर्यंत ठेवते."

मी म्हटलं, मला घ्याल का खेळायला? मी होते आई.

भिंगरीने आधी मावशीकडे पाहिलं — अजूनही आधी मावशीकडेच! — आणि मग मला वरपासून खालपर्यंत. "तुला जमेल का पण? उठायचं नसतं."

बसले. त्या एवढ्याशा खुर्चीत. भिंतीकडे तोंड करून. पाठीमागे टकटक झाली. "आई, चल. मी तुला न्यायला आलेय." मला एवढंच म्हणायचं होतं, पाच मिनिटं. किती वेळा म्हटलंय मी ते! पण उठलेच.

"आई! चुकलं! उठायचं नाही! खेळ संपतो ना मग!"

ती खरोखरच रागावली. मला पलंगावर बसवलं, धाकटीला परत शाल देऊन खुर्चीत बसवलं, आणि मी नुसतं बघितलं. धाकटी छान म्हणते, पाच मिनिटं. माझ्यापेक्षाही छान. त्यावरसुद्धा थोडी जळलेच मी.

सोमवार, १ सप्टेंबर

धाकटी गेली. पार्लर आजपासून सुरू. भिंगरी रडली, मीही रडले, धाकटीनेही डोळे पुसले आणि म्हणाली, "ताई, सगळ्यांत जास्त तूच रडतेयस."

रेनकोट नेला नाही. बाहेर पाऊस असून. माझ्या खुंटीवर ठेवून गेली.

मंगळवार, २ सप्टेंबर

संपादकबाईंना फोन केला. म्हटलं, कळलं ती कोण ते. ती मुलगीच आहे. मोठी झालेली. त्यांनी ते दोनदा वदवून घेतलं. मग म्हणाल्या, "अहो, पण ट्रकखाली जाते ती मुलगी. आईला तर काहीच होत नाही. मग ही कुणाला वाचवायला येते?"

त्याचंच शेवटचं प्रकरण लिहायला बसलेय. आज संध्याकाळी द्यायचंय. पहिलं वाक्य सुचलंय, आणि महिनाभरात इतकं चांगलं सुचलेलं नाही. विसरायच्या आत आधी इथे टिपून

दार वाजतंय.

राहू दे वाक्य. उठते.